परतवाऱ्याच्या गोष्टीबद्दल

मिरज, रविवार रात्र

चि. सोहम यास,
अनेक आशीर्वाद.

तुझ्या गोष्टीचे तिन्ही भाग वाचले. पहिला काल ड्यूटीवरून आल्यावर, बाकीचे दोन आज दुपारी घर निजल्यावर. ‘परतवारा’ हे नाव मला फार आवडलं. खारे वारे, मतलई वारे पाठ करताना तू किती वैतागायचास! त्यांच्या रांगेत हा तिसरा अगदी शोभतो. सांजखोऱ्यात तो सुटला की अंगणभर उडालेली खापरं गोळा होतात, माठ पुन्हा ओट्यावर जाऊन बसतो, सांडलेलं पाणी मातीतून वर येऊन त्यात भरतं. ही जागा मी दोनदा वाचली. ओला डाग कडेकडेनं आक्रसत जातो असं तू लिहिलंस, तेव्हा कळलं की तू हे नुसतं सुचवलेलं नाहीस, डोळ्यांनी पाहिलं आहेस.

तिसऱ्या भागात ती म्हातारी अंथरुणातून उठून चुलीशी आली आणि मी फोन बाजूला ठेवला. पदराच्या टोकाला वेलदोडे बांधणारी ती कोण, हे मला सांगायला नको.

पण बाळा, तिथेच गोष्ट अडते. वारा सुटल्यावर नातू आजीशी बोलतो आणि वारा पडल्यावरही त्याला ते सगळं आठवतं. असं होणार नाही. आठवण ही मेंदूत उमटलेली खूणच ना? माठाचा तडा बुजतो, तर ती खूणही पुसली जाणार. वाऱ्यात सापडलेल्या कुणालाच वारा कळणार नाही. गाव मागे जाईल, पुन्हा पुढे येईल आणि कुणाला पत्ताही लागणार नाही.

म्हणून कुणीतरी बाहेर हवं. तुझा तो नावाडी पलीकडच्या काठावर राहतो. नातवाला त्याच्या होडीत बसव. मग त्याला आजी दिसेल, पण त्याची हाक तिला पोचणार नाही. तिचे केस काळे होत जातील. मग एक दिवस तिच्या कडेवर त्याला तो स्वतःच दिसेल. उलट्या वाटेनं गेलं, तर तिची आणि त्याची शेवटची भेट तो जन्मला त्या दिवशी. सोहम, हे लिही. हे तुझ्या हातून चांगलं उतरेल.

हे मला कुठून सुचलं विचारशील. अरे, बावीस वर्षं मी एमआरआयच्या मशीनवर बसते आहे. तिथे एवढासा परतवारा दिवसभर सुटत असतो. अंगातल्या पाण्यात हायड्रोजनचे कण असतात, चुंबकात ते भोवऱ्यासारखे घुमतात. रेडिओ लहरींच्या पहिल्या ठोक्याला सगळे एका तालात येतात, मग हळूहळू विस्कटतात. शर्यत सुटल्यावर पोरं मैदानभर पांगतात तशी. तेवढ्यात आम्ही दुसरा ठोका देतो. समज, मास्तरांनी शिट्टी मारली आणि सगळ्यांनी जागच्या जागी वळून आपापल्या वेगानं परत पळायचं. पुढे गेलेला जास्त लांबून येणार, मागे राहिलेला जवळून, पण रेषेवर सगळे एकदमच पोचणार. त्या क्षणी कणांचा विझलेला आवाज, म्हणजे त्यांचा रेडिओ संकेत, मशीनला पुन्हा ऐकू येतो. १९५० मध्ये अर्विन हान या भौतिकशास्त्रज्ञांनी हे दाखवलं. सगळ्या कणांचे वेग उलटे केले तर काय होईल, हा प्रश्न लोश्मिट या शास्त्रज्ञांनी त्याआधीच, १८७६ मध्ये, बोल्ट्झमन या दुसऱ्या शास्त्रज्ञांपुढे टाकला होता.

पण परत येणारा आवाज पहिल्याइतका मोठा कधीच नसतो. पळताना ज्यांना शेजाऱ्याचा धक्का लागला, ते रेषेवर वेळेत येत नाहीत. त्यांची वाट कायमची बदललेली असते. कुठल्या पेशीजालात किती जण असे हरवले, यावरूनही आम्हाला फिकट-गडद चित्र मिळतं. सगळेच्या सगळे परत आले असते तर त्या चित्रात हा फरक दिसलाच नसता. तुझ्या सांजखोऱ्यात सगळं जसंच्या तसं परत येतं, ते मला म्हणूनच पटत नाही. काहीतरी परत येऊ नये. काय, ते तू ठरव. माठ जुळेल, पण पाण्याची चव वेगळी लागेल, असंही चालेल.

आजीचा मेंदूचा स्कॅन मीच काढला होता, हे तुला कधी बोलले नाही. आत त्या ठकठकीत त्या रामरक्षा म्हणत होत्या. मला माइकवरून सांगावं लागलं, “आई, ओठ हलवू नका.” त्या लगेच गप्प झाल्या. मग अर्धा तास काचेपलीकडून मी फक्त त्यांची पावलं पाहत होते. डाव्या पायाचा अंगठा तालात हलत होता. मनात चालूच होती रामरक्षा. मी तेवढं हलू दिलं.

त्यांचं निळं नऊवारी पेटीत आहे. पदराची गाठ मी सोडलेली नाही, आत दोन वेलदोडे आहेत. तुझ्या गोष्टीत वारा ती गाठही सोडवणार. ती बांधताना आजी आधी दातांत टोक धरायच्या, मग डाव्या हाताच्या दोन बोटांनी पीळ द्यायच्या. तू ते उलट्या क्रमानं लिहिशील तेव्हा कुठे अडलास, तर मला फोन कर. मी पदर हातात घेऊन सांगेन.

जेवणाची आबाळ करू नकोस.

तुझी,
आई