दहा दिवसांची रजा

महोदय,

सुमित्रा भावे-सुनील सुकथनकर यांच्या ‘देवराई’ (२००४) या चित्रपटावरचा लेख आपल्या रविवारच्या पुरवणीत वाचला. अतुल कुलकर्णींच्या शेषचं कौतुक रास्तच आहे. मला मात्र तो चित्रपट सोनाली कुलकर्णींच्या सीनाचाही वाटतो. स्किझोफ्रेनिया हा गंभीर मानसिक आजार झालेल्या भावाला घरी आणणारी, संसार आणि भाऊ यांच्यात ओढली जाणारी बहीण. (राष्ट्रीय पुरस्कार या चित्रपटाला पर्यावरणाच्या गटात मिळाला, याची मला अजून चुटपुट लागते.)

मीही तशीच बहीण आहे. गेल्या दिवाळीत डॉक्टरांनी माझ्या भावाला मनोरुग्णालयातून दहा दिवस घरी सोडलं. गोळ्यांच्या वेळांची चिठ्ठी आणि माझी सही, एवढ्यावर तो आला. मटार सोलले, आकाशकंदिलाची वायर जोडली, रोज सकाळी दूध आणलं आणि सुटे पैसे दोनदा मोजून माझ्या हातात दिले. तिसऱ्या दिवसापासून शेजारची मुलं आमच्याकडे यायची बंद झाली. पाचव्या दिवशी सोसायटीतले एक गृहस्थ दारात उभे राहून म्हणाले, “ताई, यांना परत कधी नेणार?” तो मागेच बसला होता. रात्री त्याने स्वतःच पिशवी भरली. चार दिवसांची रजा शिल्लक असताना मी त्याला पोचवून आले.

मानसिक आरोग्य सेवा कायदा, २०१७ चं कलम १९ सांगतं, की घरचे स्वीकारत नाहीत किंवा बाहेर सोय नाही, एवढ्यावरून कुणाला रुग्णालयात ठेवता येणार नाही. हाफवे होमसारख्या, म्हणजे रुग्णालय आणि घर यांच्या मधल्या निवासाच्या, सोयी उभ्या करणं किंवा त्यांना मदत करणं ही सरकारची जबाबदारी आहे. येरवडा, ठाणे, नागपूर, रत्नागिरी ही मनोरुग्णालयांची नावं आपल्याला पाठ आहेत, तीही बहुतेक चेष्टेत. पण आपल्या भागातलं हाफवे होम कुठे आहे, हे किती जणांना सांगता येईल? आपल्या वार्ताहरांनी प्रत्येक जिल्ह्यात अशी किती घरं सुरू आहेत, तिथे किती जागा आहेत आणि नातेवाइकांनी अर्ज कुठे करायचा, हे शोधून छापावं, ही कळकळीची विनंती.

गणपतीत त्याला पुन्हा रजा मिळेल, असं डॉक्टर म्हणतात. या वेळी मी आधीच तळमजल्यापासून एकेका दारी जाऊन सांगणार आहे, की माझा भाऊ येतोय, आरतीला त्यालाही बोलवा.

– एक भगिनी, पुणे