बेडूक हातात कशाला?

संपादक साहेब,
गेल्या रविवारी कोल्हापूरहून आंबोलीला एक दिवसाची गाईडवाली ट्रिप केली. धबधब्यावर नेहमीचीच गर्दी, पण पुढे जंगलात डबक्यावरच्या फांदीला मलबार ग्लायडिंग फ्रॉग या झाडावर राहणाऱ्या बेडकाचा पांढरा फेसाचा गोळा लटकलेला दिसला, आत अंडी, बेडूकमासे निघाले की थेट खाली पाण्यात, बघतच राहिलो! आणि तेवढ्यात गाईडने बेडूक उचलून पोरांच्या हातावर ठेवला, सेल्फीसाठी. अहो, बेडूक कातडीतूनही श्वास घेतो आणि आमचे हात डासांच्या क्रीमने माखलेले. आंबोलीतलंच हिरण्यकेशी नदीच्या उगमाचं कुंड तर तिथल्या दुर्मिळ माशामुळे २०२१ साली जैवविविधता वारसा स्थळ झालंय, तिथेही लोक बिस्किटं टाकत होते. वनखात्याने गाईडना निदान ट्रेनिंग तरी द्यावं.
— एक वाचक, कोल्हापूर