सेंट्रल पार्कची सायकल टूर अर्धीच का करायची?

मा. संपादक,
स.न.वि.वि.

रविवारच्या पुरवणीत अमेरिकेच्या सहलींवरचे लेख येतात ते मी न चुकता वाचते, कारण आमच्यासारखे कितीतरी जण मुलांकडे म्हणून तिकडे जातात, न्यूयॉर्कसाठी जेमतेम एखाद-दोन दिवस मिळतात आणि त्यात काय बघायचं ते अशा लेखांवरूनच ठरवतात. पण सेंट्रल पार्क आलं की प्रत्येक लेखात तेच ते. तलाव, तो कमानीचा पांढरा पूल, कारंजं, अमुक सिनेमाचं शूटिंग इथे झालं, घोडागाडीतला फोटो, संपलं. आणि हल्ली खाली चौकटीत एक टीप हमखास असते की सायकल भाड्याने घ्या, गाईडवर पैसे घालवू नका, मोबाईलवर सगळं कळतं. मला ह्या टीपेबद्दलच बोलायचंय. माझं म्हणणं अगदी उलट आहे, गाईड घ्याच, फक्त पूर्ण फेरी मारणारा घ्या.

आम्ही दोघं, मुलगी आणि जावई असे चौघं गेलो होतो. साठी उलटलेली माणसं सायकलवर म्हटल्यावर घरी बरीच चर्चा झाली, पण ती सोडून देते. आधी आकार किती ते सांगते म्हणजे विषय लक्षात येईल. हे पार्क ८४३ एकरांचं आहे, ५९व्या रस्त्यापासून ११०व्या रस्त्यापर्यंत, म्हणजे चार किलोमीटर लांब आणि पाऊण-एक किलोमीटर रुंद. आतून जो सायकलींचा रस्ता आहे त्याची पूर्ण फेरी ६.१ मैलांची, म्हणजे दहा किलोमीटरच्या जरा आतच. आता गंमत अशी की गेटवर जे पोरं लॅमिनेट केलेले नकाशे घेऊन मागे लागतात त्यांच्या बऱ्याचशा टूर ७२व्या रस्त्याला वळून परत येतात. तीनेक किलोमीटरची ती फेरी. सगळे फोटोचे स्पॉट त्यातच बसतात हे खरं, पण तुम्ही पार्कचं शेपूट बघून आलात आणि सांगताय हत्ती बघितला, असं होतं ते.

आमचा गाईड तिशीतला मुलगा होता, गळ्यात शहराच्या लायसन्सचं कार्ड. तिकडे गाईडचं काम करायला शहराचं लायसन्स लागतं आणि त्याची परीक्षाही असते, त्यामुळे बुक करताना लायसन्स आहे का विचारायला अजिबात लाजू नका. निघायच्या आधी त्याने सगळ्यांना ब्रेक दाबून बघायला लावले, आणि ते बरं झालं, कारण तिकडच्या सायकलला पुढच्या चाकाचा ब्रेक डाव्या हाताला असतो आणि मागचा उजव्या, आपल्या हाताला सवय उलटी, घाईत डावा कचकन दाबला तर माणूस हँडलवरून पुढे. रस्ता वन वे, घड्याळाच्या उलट दिशेने, म्हणजे पूर्वेच्या बाजूने वर जायचं आणि पश्चिमेच्या बाजूने खाली यायचं. चुकून मागे राहिलं काही तर उलटं फिरायचं नाही, उतरून सायकल हातात धरून फुटपाथने यायचं. मोटारी नाहीत, २०१८च्या जूनपासून ह्या आतल्या रस्त्यांवर गाड्यांना बंदीच केली. पण म्हणून निवांत नाही हं, रेसवाले सायकलस्वार सूं करून जातात, पळणारे असतात, मधेच मुलं ढकलगाडीत घेऊन रस्ता ओलांडणाऱ्या आया असतात, आणि चालणाऱ्याला आधी जाऊ द्यायचं हा नियम.

मग शहराच्या गाड्या पार्क ओलांडून पलीकडे जातात कुठून? हे मला निम्मी फेरी होईस्तोवर सुचलंच नाही, गाईडने एका पुलावर थांबवून खाली बघा म्हटलं तेव्हा कळलं. आपण झाडीतून चाललोय आणि खाली खंदकासारख्या रस्त्यातून बस चालली आहे. असे चार आडवे रस्ते आहेत आणि ते मुद्दाम जमिनीच्या पातळीखाली खोदलेत. ही आयडिया १८५८ची! फ्रेडरिक लॉ ओल्मस्टेड आणि कॅल्व्हर्ट वॉक्स ह्या दोघांनी तेव्हा डिझाईनची स्पर्धा जिंकली त्या आराखड्यातच हे होतं, मोटार नावाची वस्तू जन्माला यायच्या आधी. तेव्हा त्यांच्यापुढे प्रश्न होता घोडागाड्यांचा आणि मालाच्या गाड्यांचा. मोबाईलवर हे लिहिलेलं असेलही, पण त्या पुलावर थांबून खाली बघा हे मोबाईल सांगत नाही, तुम्ही सरळ पुढे निघून जाता.

तसंच दुसरं म्हणजे तिथलं काहीही नैसर्गिक नाही. मला तर वाटलं होतं की शहर वाढताना एक जंगलाचा तुकडा त्यांनी राखून ठेवला. छे. तळी खोदलेली, ओढे वळवलेले, उत्तरेकडच्या रानातला धबधबासुद्धा शहराच्या पाणीपुरवठ्याच्या पाण्यावर चालतो. खरे आहेत ते फक्त खडक, काळपट चमचमणारे, अभ्रकाचे, आणि त्यांच्यावर लांबच लांब ओरखडे आहेत ते हिमयुगात बर्फाच्या थरांनी घासत नेल्याचे. त्यावर पोरं घसरगुंडी करत होती. ह्यांनी लगेच हात फिरवून बघितला (आमचे हे भूगोलाचे शिक्षक, त्यामुळे तिथून हलायला तयारच नव्हते, ग्रुप खोळंबला).

कारंज्यापाशी सायकल नेता येत नाही. पार्कात पायवाटांवर सायकल चालवायला मनाई आहे, त्यामुळे वरती लावून ठेवायच्या आणि पायऱ्या उतरून जायचं. तिथे जो पंखवाला देवदूत आहे तो एमा स्टेबिन्स नावाच्या बाईंनी घडवला, १८७३ साली त्याचं अनावरण झालं, आणि न्यूयॉर्क शहराने एवढं मोठं सार्वजनिक शिल्पाचं काम एखाद्या बाईला देण्याची ती पहिलीच वेळ. देवदूताच्या हातात कमळासारखं फूल आहे ते लिलीचं, शुद्धतेचं म्हणून. शहराला १८४२मध्ये क्रोटन नदीचं स्वच्छ पाणी मिळालं, त्याआधी कॉलऱ्याने माणसं पटापट गेली होती, त्या पाण्याची ही आठवण. हजारो लोक रोज तिथे फोटो काढतात, पाण्याचा नळ आल्याचं स्मारक आहे हे किती जणांना माहीत असेल देव जाणे. आणि बाईंवरून आठवलं, एवढ्या मोठ्या पार्कात खरोखर होऊन गेलेल्या बाईचा एकही पुतळा नव्हता, २०२० पर्यंत! गोष्टींतल्या बायका होत्या, देवदूत होता. मग त्या वर्षी ऑगस्टमध्ये सोजर्नर ट्रूथ, सुझन अँथनी आणि एलिझाबेथ केडी स्टँटन ह्या बायकांच्या हक्कांसाठी लढलेल्या तिघींचा एकत्र पुतळा बसला. तोही पायवाटेवर आहे, चालत जावं लागतं, माझ्या मुलीने हट्टाने नेलं.

इथपर्यंत ठीक. बऱ्याच टूर इथून पश्चिमेला वळतात आणि संपतात. आमची पुढे गेली.

पुढे एक चढ लागतो, वर बघितलं की खडकावरून एक जनावर उडी मारायच्या बेतात बसलेलं दिसतं, ब्राँझचं आहे, पण नवख्या माणसाच्या काळजाचा ठोका चुकतो हे नक्की. मग मेट्रोपॉलिटन म्युझियमची मागची बाजू, साडेतीन हजार वर्षांपूर्वीचा इजिप्तचा दगडी स्तंभ, नंतर १०६ एकरांचा मोठा जलाशय. हा पूर्वी शहराला पाणी द्यायचा, १९९३मध्ये तो वापर बंद केला आणि नंतर जॅकलीन केनेडी ओनासिस ह्यांचं नाव दिलं. इथून वर माणसं एकदम कमी होतात. टुरिस्ट नाहीत, आसपासचे लोक. आजोबा बाकावर, शाळेची मुलं, तळ्यावर गळ टाकून बसलेले दोघं-तिघं. ११०व्या रस्त्याला हार्लेम ह्या शहराच्या उत्तरेकडच्या भागाची हद्द सुरू होते आणि तिथे भिंतीत एक दरवाजा आहे त्याला २०२२च्या डिसेंबरमध्ये नाव दिलं, निर्दोष सुटलेल्यांचा दरवाजा म्हणा. १९८९मध्ये पार्कात एका तरुणीवर भयंकर हल्ला झाला होता, त्यात पाच काळ्या आणि लॅटिनो पोरांना पकडलं, वयं चौदा ते सोळा, शिक्षा भोगली, आणि २००२मध्ये खरा गुन्हेगार दुसराच असल्याचं सिद्ध होऊन त्यांच्या शिक्षा रद्द झाल्या. गाईडने हे सांगितलं तेव्हा आमच्या ग्रुपमधल्या एका बाईंनी, टूरवर हे कशाला, असं म्हटलं. मला पटलं नाही. शहराने स्वतःच्या हाताने ते नाव दगडात कोरलंय, मग आपण कशाला झाकायचं?

त्यानंतरचा चढ मात्र मोठा आहे, वायव्येच्या कोपऱ्यात, पार्कातला सगळ्यात दमवणारा. खाली उतारावर सायकल आपोआप पळते, वळण आहे तिथे सांभाळा, आणि लगेच चढ सुरू. गिअर आधीच हलके करायचे, चढावर लागल्यावर करायला गेलात तर चेन कुरकुरते. मी अर्ध्यात उतरले आणि ढकलत नेली, गाईड म्हणाला बरेच जण असंच करतात, खरं असो नसो, ऐकायला बरं वाटलं.

आणि परतीच्या वाटेवर, पश्चिमेच्या बाजूला ८२ ते ८९व्या रस्त्यांच्या मधे, ज्यासाठी मी हे सगळं पत्र लिहिते आहे ती जागा. बघायला काहीच नाही तिथे. गवत, झाडं, थोडे खडक, माहितीच्या पाट्या. इथे सेनेका व्हिलेज नावाची वस्ती होती. १८२५मध्ये अँड्र्यू विल्यम्स नावाच्या काळ्या माणसाने इथे तीन प्लॉट घेतले १२५ डॉलरला, आणि मग एकेक करत वस्ती झाली. घरं, तीन चर्च, शाळा, दफनभूमी. १८५५च्या गणनेत सव्वादोनशेच्या आसपास माणसं होती, दोनतृतीयांश काळी, बाकी बहुतेक आयरिश. आणि त्या काळात न्यूयॉर्कमध्ये काळ्या पुरुषाला मत द्यायचं तर २५० डॉलरची मालमत्ता नावावर असावी लागायची, गोऱ्याला अशी अट नाही, त्यामुळे तो जमिनीचा तुकडा म्हणजे नुसतं घर नव्हतं, मताचा हक्क होता. पार्क करायचं ठरलं तेव्हा सरकारने ही जमीन संपादित केली, मोबदला दिला पण कमी दिला अशा तक्रारी होत्या, आणि १८५७ संपेपर्यंत वस्ती उठली. एकूण पार्कासाठी १६०० च्या आसपास माणसं हलवली. तेव्हाच्या वर्तमानपत्रांनी ह्या घरमालकांना झोपडपट्टीवाले, घुसखोर असं लिहिलं, आणि पुढे शंभर वर्षांहून जास्त काळ कोणाला ह्या वस्तीची आठवणही नव्हती. २०११मध्ये तिथे उत्खनन झालं तेव्हा घराचा पाया, कपबशांचे तुकडे, लहान मुलाचा बूट सापडला. त्या पाट्या २०१९मध्ये लागल्या.

आता सांगा, नुसती सायकल भाड्याने घेऊन गेलो असतो तर इथे थांबलो असतो का? उताराचा रस्ता आहे, वारा लागत असतो, चढ संपल्याचा आनंद असतो, कोण थांबणार. आमच्या पुढून मागून शेकडो सायकली गेल्या, एकही थांबली नाही. पाटी वाचायलासुद्धा इथे काहीतरी आहे हे आधी माहीत असावं लागतं, आणि गाईडचे पैसे मी त्यासाठी मोजते, सिनेनटांच्या बिल्डिंगा दाखवण्यासाठी नाही. त्या बिल्डिंगाही दाखवल्या त्याने, बीटल्सवाल्या जॉन लेननचं स्मारक दाखवलं, तिथे गिटारवाला आणि तोबा गर्दी, पाच मिनिटांत निघालो.

घोडागाडीबद्दल मी काही बोलत नाही, ज्याची त्याची आवड. पण तीनचाकी पॅडलवाल्या रिक्षा असतात त्यावर मिनिटाचा दर लिहिलेला असतो, तो नीट वाचून बसा, पाटीवरचा आकडा पूर्ण फेरीचा नसतो, उतरताना डोळे पांढरे होतात. गाईडला शेवटी टिप द्यायची असते, साधारण पंधरा-वीस टक्के, ते बजेटमध्ये धरा. लहान नातवंडं बरोबर असतील तर चौदा वर्षांखालच्यांना हेल्मेटची सक्ती आहे. आणि कोणी ग्रुपपासून सुटलंच तर दिव्याच्या खांबावर छोटी पट्टी असते तिच्यावर चार आकडे असतात, पहिले दोन म्हणजे जवळचा रस्ता, शेवटचे विषम असले तर पश्चिम बाजू, सम असले तर पूर्व. म्हणजे ७४०५ दिसलं की ७४वा रस्ता, पश्चिमेकडे. फोनची बॅटरी संपल्यावर ह्यांना ह्याच पट्टीवरून शोधून काढलं आम्ही, खडक बघत मागे राहिले होते परत.

तुम्हाला विनंती एवढीच की पुढच्या वेळी सेंट्रल पार्कवर लेख छापाल तेव्हा ती गाईड नको वाली चौकट काढा आणि तिथे बुकिंग करताना विचारायचे तीन प्रश्न छापा: टूर ११०व्या रस्त्यापर्यंत जाते का, सेनेका व्हिलेजला थांबते का, आणि गाईडकडे लायसन्स आहे का. पहिल्या दोनची उत्तरं नाही अशी आली तर दुसरी टूर शोधा, तिकडे टूरना तोटा नाही.

कळावे,
आपली एक नियमित वाचक