खरे भाविक, खोटे भाविक

मा. संपादक,
कालचा अग्रलेख वाचता वाचता चहा गार झाला. खरा भाविक करुणाच वाटतो म्हणे, आणि दंगा करणारे भाविक नसतातच! दाखल्याला आपल्या नागपूरचे सूफी संत ताजुद्दीन बाबा आणि दीक्षाभूमी आहेतच. बाबांना राजे रघुजीराव भोसल्यांनी वेड्यांच्या इस्पितळातून शक्करदऱ्याच्या वाड्यात आणले, हे ताजबागच्या उर्साला जाणाऱ्या पोरालाही ठाऊक आहे. आमच्या महाल भागातल्या कोणाला विचारले असते, तर लेख इतका गुळगुळीत झाला नसता.

आमच्या गल्लीत एक गृहस्थ आहेत. दर मंगळवारी पायी टेकडीच्या गणपतीला जातात. दसऱ्याला दीक्षाभूमीवर येणाऱ्यांसाठी पहाटे चारला भाताचा मोठा गंज चुलीवर चढवतात, मसालेभात स्वतः वाढतात, थकल्या म्हातारीला आपली खुर्ची देतात. मनगटावर भाजल्याचा डाग आहे, तो त्याच गंजाचा. मीही दोन वर्षे त्यांच्या हाताखाली कांदे चिरले आहेत.

१७ मार्च २०२५ च्या रात्री दंगलीत महालात गाड्या जळत होत्या, तेव्हा गल्लीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर ‘पलीकडून दोनशे जण निघाले, तयारीत राहा’ हा मेसेज यांचाच. खाली जोडलेले हात. आले कोणीच नाही. माझ्या ब्याऐंशी वर्षांच्या आईने मात्र देवापुढचा दिवा विझवायला लावला, उजेड बाहेर दिसेल म्हणून. ‘तुम्ही स्वतः पाहिलं का?’ असे ग्रुपवर एकानेही विचारले नाही. मीही नाही.

दुसऱ्या दिवशी कर्फ्यूत दुधाच्या दोन पिशव्या घेऊन दारात उभे कोण? हेच! मेसेजचे विचारले, तर म्हणाले, ‘मले वरून आला भाऊ, मी तं फक्त पुढं पाठवला.’ दूध घेतले. पैसे काही केल्या घेईनात.

आता यांना आपल्या कुठल्या रकान्यात टाकायचे, तेवढे कळवावे. भात आणि मेसेज, दोन्ही त्यांच्या लेखी देवाचेच काम.

आणि हो, त्या रात्री आपल्याही वेबसाइटवर तीच अफवा होती, मथळ्यापुढे प्रश्नचिन्ह लावून. तसे मी तेव्हाच लिहिले होते. पत्र छापलेत, पण नेमका तो परिच्छेद जागेअभावी गळला. मोबाइलच्या पानभर जाहिरातीला जागा सापडली! शब्दकोड्याचा टाइपही हल्ली इतका बारीक केला आहे, की आईला भिंग घेऊन बसावे लागते.

– एक जुना वाचक, महाल, नागपूर