कंपवाचन विभाग, धरमपेठ

नागपूर, मे

प्रिय दिन्या,

"रिटायर होऊन तू करून काय राहिला बे?" असं तू फोनवर विचारलंस. कूलरच्या घरघरीत माझं उत्तर तुला ऐकू गेलं नसावं, म्हणून लिहून राहिलो. मी विद्यापीठ काढलंय. एकच विभाग, एकच विद्यार्थी, कुलगुरूही तोच. विषय कंपवाचन. जे जे थरथरतं त्याची नोंद घ्यायची आणि तिचा अर्थ लावायचा. मान्यतेसाठी अर्ज अजून केला नाही. सुनंदा म्हणते, आधी कूलरमध्ये पाणी टाका.

हसू नको, आमच्या शास्त्राला पूर्वज आहेत. जर्मन शास्त्रज्ञ क्लाड्नीने पत्र्यावर वाळू पसरून कडेवर व्हायोलिनचा गज ओढला आणि वाळूत उमटलेल्या आकृत्या १७८७ साली छापल्या. पण मी मूळपुरुष मानतो तो पॅरिसचा स्कॉत द मार्तँव्हिल. त्याने १८५७ मध्ये पेटंट घेतलेल्या यंत्रात एका ताणलेल्या पातळ पडद्याला राठ केस लावलेला असायचा. समोर कुणी बोललं की तो केस काजळी धरलेल्या कागदावर रेघ ओढायचा. ती रेघ परत वाजवावी हे त्याच्या डोक्यातच नव्हतं, त्याला ती वाचायची होती. मग १८७७ मध्ये एडिसनचा फोनोग्राफ आला आणि सगळे ऐकत बसले. २००८ साली संशोधकांनी स्कॉतची १८६० ची रेघ संगणकावर वाजवली, तिच्यातून फ्रेंच गाणं निघालं, त्याचं केवढं कौतुक झालं! मी मात्र स्कॉतच्या पार्टीतला. रेघ वाचता आली पाहिजे, वाजली काय अन् नाही काय.

वाजवायच्या नादात माणसं कुठवर जातात पाहा. १९६९ साली रिचर्ड वुडब्रिज नावाच्या गृहस्थांनी इंजिनिअरांच्या एका नियतकालिकाला पत्र लिहिलं की चाकावर फिरणाऱ्या मडक्यावर कुंभाराच्या खोलीतले आवाज कोरले जात असतील. कल्पना झकास, पण जुन्या मडक्यातून कुण्या कुंभाराचा आवाज काही निघालेला नाही.

मडकं वाचणारी बाई मात्र मला गोकुळपेठच्या बाजारात सापडली. मी एक माठ उचलला. तिने तो माझ्या हातातून घेतला, गळ्याशी तळहातावर तोलला अन् बोटाच्या पेराने दोनदा ठोकला. "हा नका घेऊ भाऊ, चीर हाये याच्यात." मी चष्मा लावून सगळीकडून पाहिला, चीर दिसेना. दुसरा ठोकला तर ठण्ण करून आवाज लांबत गेला; पहिला नुसता थड म्हणून गप्प. कारण साधं आहे. चिरेच्या दोन कडा एकमेकींवर घासतात आणि थरथर तिथेच जिरून जाते. हे कारण मला ठाऊक होतं, पण चीर तिला कळली. आमच्या विभागाला प्राध्यापक नेमायचा झाला तर तिलाच विचारीन, मी आपला कारकून बरा.

आता मुद्द्याचं. तुझ्या फोनमध्ये शिरलेली ती घरघर आठव. पंख्याचा वारा अन् पाण्याची टपटप सोड, त्याखाली मोटरची एक सपाट गुणगुण असते. वीज सेकंदाला पन्नास आवर्तनं करते, दर आवर्तनात चुंबकाची ओढ दोनदा लागते, म्हणून ही गुणगुण सेकंदाला शंभराची. पण पन्नास म्हणजे अगदी पन्नास कधीच नसतं. मागणी वाढून वीज अपुरी पडली की आकडा किंचित घसरतो, मागणी उतरली की चढतो. ४९.९० ते ५०.०५ मध्ये तो राखायचा असा नियम आहे. म्हणजे माझा कूलर साऱ्या देशाच्या विजेचा हिशेब गुणगुणतो! फॉरेन्सिकवाले ध्वनिमुद्रणातून हाच चढउतार वेगळा काढतात, ग्रिडच्या, म्हणजे विजेच्या जाळ्याच्या, नोंदीशी ताडतात आणि मुद्रण कधीचं आहे, मध्ये कापाकापी झाली का, ते ओळखतात. म्हणजे कंपवाचन जगात सुरूच आहे, फक्त त्याला विभाग नव्हता.

आणि यात तू कसा येतोस ते ऐक. तुमचं हैदराबाद दक्षिण ग्रिडचं. ३१ डिसेंबर २०१३ ला रायचूर-सोलापूर लाइनने ती ग्रिड बाकी देशाशी एका तालात जोडली. त्याआधी तुझी गुणगुण वेगळी होती, माझी वेगळी. आता दोन्ही एकच असायला पाहिजेत, आणि हे मला कागदावर पाहायचंय.

येत्या रविवारी रात्री बरोबर दहाला फोनवर रेकॉर्डिंग लाव, अर्धा तास. फ्रीजजवळ नको, त्याचा कॉम्प्रेसर मध्येच बंद होतो. तुमच्या सोसायटीच्या ट्रान्सफॉर्मरच्या जाळीबाहेर ठेव, आणि वॉचमनला आधी सांग, नाहीतर भलताच संशय घ्यायचा. इकडे मी कूलरपाशी बसतो. दोन्ही रेघा एकाखाली एक काढून तुला पाठवतो. नाहीच जुळल्या तर भांडायला विषय झाला.

व्हॉट्सॲपवर व्हॉइस नोट करून धाडू नको, आवाज दाबून त्याची पार वाट लागते. मूळ फाइल मेल कर. वहिनींना नमस्कार.

तुझा,
बाळ्या