तुलूझच्या बारची फ्रँचायझी घेण्याआधी

प्रिय अमोल,

सप्रेम नमस्कार.

तुझं पत्र मिळालं. नोकरी सोडून फ्रान्सच्या तुलूझमध्ये ई-स्पोर्ट्स बारची, म्हणजे व्हिडिओ गेमच्या स्पर्धा चालणाऱ्या बारची फ्रँचायझी घ्यायची, बँकेत कर्जाची बोलणीही सुरू झाली, हे वाचून तुझा निश्चय पक्का दिसतो. बेत मला आवडला. पण सही करण्याआधी काही गोष्टी पारखून घ्याव्यात असं मनापासून वाटतं. त्या फोनवर सांगून भागणार नाहीत, म्हणून सविस्तर लिहितो.

तुझ्या डोळ्यांसमोर मेल्टडाऊन ही बारची साखळी आहे, हे उघड आहे. २०१२ मध्ये पॅरिसमध्ये एक बार निघाला आणि फ्रँचायझीच्या वाटेने फ्रान्समधल्या शहरांत, लंडन, बर्लिन, थेट माँट्रियलपर्यंत पोचला. कल्पना साधी: कन्सोल आणि पीसीवर खेळायचे पैसे नाहीत, पैसे फक्त पेयांचे. सगळ्या शाखा टिकल्या नाहीत. टिकणं आणि मिटणं यातला फरक मला एकाच ठिकाणी दिसतो. नाव मुख्य कंपनीचं असतं, पण मंगळवारी रात्री बार भरतो तो त्या शहरात स्पर्धा घेणाऱ्या दोन-चार पोरांमुळे. तू पैसे मोजणार आहेस नावाचे. म्हणून करार वाचताना दर पानावर एकच पाहा: मंगळवारच्या गर्दीसाठी कंपनी नेमकं काय देते, आणि करार संपल्यावर ती गर्दी कोणाकडे राहते?

आधी कागद. फ्रान्समध्ये १९८९ च्या दुबँ कायद्याने तुला मोठं संरक्षण दिलं आहे. सहीच्या किंवा कोणतीही रक्कम देण्याच्या किमान २० दिवस आधी कंपनीने माहितीचा दस्तऐवज तुझ्या हातात द्यायला हवा. तिथे त्याला डीआयपी म्हणतात. त्यात कंपनीचे मागचे हिशेब, साखळीतल्या बारची यादी आणि गेल्या वर्षभरात किती जण बाहेर पडले हे असतं. मुदत संपून गेले की करार मोडून, तेही लिहावं लागतं. हे शेवटचं पान सगळ्यात मोलाचं. विक्रीचा अंदाज देणं मात्र कंपनीवर बंधनकारक नाही, त्यामुळे कुणी सुंदर तक्ता दाखवला तर आकडे कोणत्या शहरातल्या, किती चौरस मीटरच्या बारचे आहेत हे विचार. व्यापारचिन्ह कोणाच्या नावावर आहे ते आयएनपीआयच्या, म्हणजे फ्रान्सच्या व्यापारचिन्ह कार्यालयाच्या नोंदीत स्वतः पाहा. नोंदणीच्या वर्ग ४३ मध्ये बारची सेवा येते, ४१ मध्ये करमणूक आणि स्पर्धा. चिन्ह एका कंपनीचं आणि करार दुसरीशी, असं निघालं तर मालकी विकली गेल्यावर तू कुठे उभा राहशील हे वकिलाकडून लेखी घे.

कंपनीला द्यायची रॉयल्टी विक्रीवर असते, नफ्यावर नाही. हे सगळ्यांना माहीत असतं, पण कागदावर मांडून कुणी पाहत नाही. नुसत्या हिशेबासाठी आकडे धरू. महिन्याची विक्री करविरहित ३०,००० युरो. माल आणि विक्रीबरोबर कमी-जास्त होणारा खर्च चौथा हिस्सा, म्हणजे ७,५००. पगार, भाडं, हप्ता, वीज, विमा मिळून १८,९००. उरले ३,६००. रॉयल्टी ५ टक्के आणि जाहिरात निधी २ टक्के धरला तर २,१०० गेले, हाती १,५००. आता ऑगस्टमध्ये विद्यार्थी घरी गेले आणि विक्री पाव हिश्शाने घसरून २२,५०० वर आली. माल ५,६२५, स्थिर खर्च तेवढाच. रॉयल्टीआधीच २,०२५ चा खड्डा, आणि वर १,५७५ कंपनीला द्यायचेच. एकूण तोटा ३,६०० युरो. असे दोन महिने निघतील एवढी शिल्लक हाताशी नसेल तर दार उघडू नकोस.

टक्केवारी कशावर, हेही शब्दाशब्दाने वाच. तिथे मद्यावर २० टक्के व्हॅट आहे. ९ युरोच्या कॉकटेलमधले तुझे साडेसातच. ७ टक्के ९ वर लावले तर ६३ सेंट, साडेसातवर साडेबावन्न. करारात ‘करविरहित विक्री’ हे शब्द हवेतच.

जागेबद्दल थोडक्यात. व्यापारी भाडेकरार ९ वर्षांचा असतो आणि दर तीन वर्षांनी तुला बाहेर पडता येतं. फ्रँचायझीची मुदत या टप्प्यांशी जुळवून घे, नाहीतर नाव गेलं तरी भाडं चालू राहतं. सगळ्या प्रकारची दारू विकायला चौथ्या श्रेणीचा परवाना लागतो. तो नवा निघत नाही, चालू असलेला विकत किंवा भाड्याने घ्यावा लागतो, म्हणून जागा बघतानाच परवाना सोबत येतो का ते विचार. परवाना चालवण्यासाठी २० तासांचं प्रशिक्षण घ्यावं लागतं आणि नगरपालिकेत १५ दिवस आधी कळवावं लागतं. १६ वर्षांखालच्या मुलांना मोठ्या माणसाशिवाय बारमध्ये घेता येत नाही. ई-स्पोर्ट्सचा निम्मा उत्साह याच वयात असतो, त्यामुळे दारावर ओळखपत्र बघणारा माणूस पहिल्या दिवसापासून ठेव.

आता खरा धंदा. खेळणाऱ्याचे दोन्ही हात गुंतलेले असतात, तो पीत नाही. गल्ला भरतो तो पाळीची वाट बघणारा आणि बघ्या. म्हणून यंत्रं जितकी जास्त तितकी कमाई जास्त हा समज सोड. ८ कन्सोल आणि १२ पीसी खूप झाले. उरलेली जागा उभ्याने बघणाऱ्यांची.

स्पर्धेची रचना कशी करतोस यावर रात्रीचा गल्ला ठरतो. समज ३२ खेळाडू, ८ कन्सोल, आणि तीन गेमांचा एक सामना साधारण १५ मिनिटांचा. दोन पराभवांनंतर बाद ही नेहमीची पद्धत लावलीस तर पहिल्या तासात ८ जण घरी, आणि सव्वा तासात १६, म्हणजे निम्मे. एक बिअर झाली की चालले. त्याऐवजी आधी चौघांचे आठ गट कर. प्रत्येक गटात ६ सामने, एकूण ४८. आठ कन्सोलवर दीड तासात संपतात आणि प्रत्येकाला तीन सामने मिळतात. मग गटातले पहिले दोघे पुढे ने. हरलेलेही मित्राला बघायला थांबतात, आणि नवखा पुढच्या आठवड्यात परत येतो. दोन सामन्यांत बाद झालेला पुन्हा फिरकत नाही.

खेळांचे हक्क हा भाग कंपन्या पत्रकात लिहीत नाहीत. घरगुती वापराच्या परवान्यावर घेतलेला खेळ बारमध्ये चालवणं वेगळी गोष्ट आहे. पीसीवरचे खेळ विकणाऱ्या स्टीमची पीसी कॅफेसाठी स्वतंत्र योजना आहे. कन्सोल आणि खेळ बनवणाऱ्या निन्टेंडोने २०२३ मध्ये छोट्या स्पर्धांचे नियम काढले. त्यात प्रत्यक्ष स्पर्धेला २०० खेळाडूंची मर्यादा आहे, आणि नफ्यासाठी चालणाऱ्या कंपनीला वेगळा परवाना मागावा लागतो. हे परवाने साखळीसाठी एकत्र काढलेले आहेत का? असतील तर रॉयल्टीचा काही भाग वसूल झाला. नसतील तर कंपनी तुला नेमकं काय विकते आहे?

यंत्रांचं सांगतो, कारण पैसे इथेच वाया जातात. मॉनिटरसह एक पीसी साधारण ५०० वॉट खातो. १६ अँपिअरच्या लाइनवर ३,६८० वॉटच मिळतात, तेव्हा एका लाइनवर ४ पीसी आणि बारा पीसींसाठी तीन स्वतंत्र लाइनी. बर्फाचं यंत्र आणि कॉफीचं यंत्र त्यांत मिसळू नकोस, नाहीतर उपांत्य सामन्यात अख्खी रांग बंद पडेल. १२ पीसींची उष्णता ६ किलोवॉट आणि ६० माणसांची जवळपास तेवढीच. हे झाले साधारण साडेतीन टन. फ्रिज आणि दिवे धरून पाच टनांचा एसी बसव.

कन्सोलला दिवाणखान्याचे टीव्ही लावू नकोस. फायटिंग गेममध्ये एक फ्रेम १६.७ मिलिसेकंदांची. टीव्हीने ५० मिलिसेकंद उशीर केला तर तीन फ्रेम गेल्या, आणि जाणता खेळाडू दुसऱ्यांदा येणार नाही. गेमिंग मॉनिटर घे. कंट्रोलर १६ वापरात असतील तर ६ जास्तीचे ठेव. त्यांवरच्या काठ्या सैल होऊन आपोआप सरकायला लागतात, ही झीज आहे, ती खर्चात धर. पीसीचे डबे जमिनीवर नकोत, टेबलाखाली टांग. पेल्यासाठी कीबोर्डच्या पातळीखाली वेगळी फळी कर, म्हणजे सांडलं तरी खाली जाईल.

अपडेट हे सगळ्यात मोठं दुखणं. ५० जीबीचं अपडेट १२ पीसींवर म्हणजे ६०० जीबी. ३०० एमबीपीएसच्या जोडणीवर साडेचार तास. संध्याकाळी सातच्या स्पर्धेआधी दुपारी चारला ते आलं तर स्पर्धा गेली. एक स्थानिक कॅश सर्व्हर, म्हणजे अपडेट साठवून सगळ्या पीसींना वाटणारं यंत्र ठेव, म्हणजे बाहेरून एकदाच उतरेल. तो नेटवर्क स्विचला १० गिगाबिटने जोड, नाहीतर तुंबणारी जागा गल्लीतून घरात येते इतकंच. अपडेट पहाटे पाचला आपोआप चालव. कार्डाचं यंत्र आणि गल्ला वेगळ्या नेटवर्कवर ठेव.

सामने दाखवण्याच्या रात्री कॅलेंडर आधी बघ. लीग ऑफ लेजंड्स या खेळाची जागतिक स्पर्धा कोरियात असली की सोलची संध्याकाळ ही तुझी सकाळ असते, हिवाळ्याच्या वेळेत ८ तासांचं अंतर. २०२३ चा अंतिम सामना तसाच होता. तेव्हा बिअर नाही, कॉफी आणि क्रोआसाँ विकावे लागतात. युरोपीय लीग मात्र तुझ्या वेळेत असते. कार्मीन कॉर्प या फ्रेंच संघाचा सामना असेल त्या दिवशी दोन माणसं जास्तीची बोलाव.

एक कलम मी तांबड्या शाईने अधोरेखित केलं असतं. तुलूझच्या बारचा डिस्कॉर्ड सर्व्हर (सभासदांच्या गप्पांची ऑनलाइन जागा), इन्स्टाग्राम पान, ट्विच वाहिनी (सामन्यांचं थेट प्रक्षेपण) कोणाच्या नावावर? पाच वर्षं तू माणसं जमवायचीस आणि करार संपला की चाव्या पॅरिसला, हे मान्य करू नकोस. पानाचं नाव त्यांचं, सभासदांचा सर्व्हर तुझा, असं लिहून घे. स्पर्धा घेणाऱ्या पोरांना दर रात्रीचं मानधन दे. फुकटच्या दोन बिअरवर त्यांना राबवलं तर ते सहा महिन्यांत दुसऱ्या जागी जातात, आणि मंगळवार त्यांच्याबरोबर जातो.

पुढे पुण्यात असाच बार काढायचं तू लिहिलं आहेस. तिथे गणित वेगळं. महाराष्ट्रात बिअर-वाइनला २१ आणि कडक दारूला २५ वर्षं पूर्ण लागतात. फ्रान्समध्ये १८ व्या वर्षी जो तुझं गिऱ्हाईक होतो, तो पुण्यात परमिट रूमच्या दारातून परत जाईल. गोव्यात वय १८ आहे. शिवाय २०२५ च्या केंद्रीय कायद्याने ई-स्पोर्ट्सला मान्यता दिली असली तरी पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर बंदी आणली आहे, त्यामुळे बक्षीस आणि प्रवेशशुल्काची आखणी तिथल्या वकिलाकडून करून घ्यावी लागेल. पुण्यात मी दारूशिवाय, मिसळ, चहा आणि कोल्ड कॉफीवरच धंदा उभा करीन. पण ते नंतर.

डीआयपी हातात आला की आधी सोडून गेलेल्यांना फोन लाव, चालू असलेल्यांना नंतर. तीन प्रश्न विचार: ऑगस्टची विक्री किती होती, शेवटची मदत कंपनीने कधी आणि काय केली, आणि डिस्कॉर्ड सर्व्हरच्या चाव्या कोणाकडे राहिल्या. उत्तरं आणि कराराची प्रत मला पाठव. वीस दिवसांत दोन रविवार येतातच. दोघं मिळून ओळ न् ओळ वाचू.

वहिनींना नमस्कार, छोटीला आशीर्वाद.

तुझा,
प्रशांत