टेक्सासमधला रंगीत शेणकिडा

ऑस्टिन, टेक्सास

प्रिय सदानंद,
सप्रेम नमस्कार.

तुझे पत्र मिळाले. शेणकिडा म्हणजे काळा, ओबडधोबड आणि गोळा ढकलत उलटा चालणारा, असे तू लिहिलेस. आपण लहानपणी माळावर पाहिलेल्या किड्यांपुरते ते खरेच आहे. पण इथल्या कुरणांत सापडणारा फेनियस विंडेक्स जातीचा शेणकिडा पाहिलास, तर सोनाराच्या पेढीवरून एखादा डाग निसटून शेणात पडला की काय, असे तुला वाटेल. डोके तांबूस सोनेरी, त्यामागची ढाल तांब्याच्या तेजाची आणि पाठीवरचे कडक पंख झळझळीत हिरवे. लांबी मात्र साधारण दीड-दोन सेंटीमीटर. मॅक्ली या इंग्रज कीटकशास्त्रज्ञाने १८१९ मध्ये या जातीचे वर्णन प्रसिद्ध केले.

हा रंग रंगद्रव्यातून येत नाही. कवचाच्या वरच्या भागात अतिशय पातळ थर एकावर एक रचलेले असतात आणि त्यांवरून परतणाऱ्या प्रकाशलहरींपैकी काही एकमेकींना बळ देतात, तर काही एकमेकींना नाहीशा करतात. त्यामुळे किडा हातावर जरा कलता केला की हिरव्यात निळसर झाक उतरते. विटण्यासारखे त्यात काही नसल्याने संग्रहालयांतले जुने नमुनेही चमक टिकवून असतात.

तरी रंगावर भाळून थांबलास, तर अर्धा किडाही पाहिला नाहीस असे मी म्हणेन. ओळखीच्या एका शेतकऱ्याच्या कुरणात, भर उन्हात, मी एक नर बिळाच्या तोंडाशी पाहिला. डोक्यावरचे शिंग मागे वळून पाठीच्या ढालीवर आलेले होते आणि दातेरी नडग्यांनी तो माती मागे लोटत होता. त्याच्या पुढच्या पायांना पावलेच नसतात! जवळ गेल्यावर त्याच्या मिशांची टोके पंख्यासारखी उघडलेली दिसली. शेणाचा वास त्यांनीच टिपला जातो.

ही जात गोळे लांबवर ढकलत नेत नाही. नर आणि मादी मिळून शेणाखाली किंवा शेजारीच भुयार खणतात व शेण आत ओढून नेतात. तिथे मादी त्याचा गोळा करून त्यावर मातीचा लेप देते आणि एका गोळ्यात एकच अंडे ठेवते. प्रौढ किडा शेणातला रस व बारीक कण तेवढे घेतो. अळीला मात्र चावणारे जबडे असतात, त्यामुळे ती गोळा आतून खात वाढते आणि तिथेच कोषात जाते. आईबापांनी ठेवलेली शिदोरी भरपूर असेल तर नर मोठा व लांब शिंगाचा निघतो, तुटपुंजी असेल तर लहान आणि जवळजवळ बिनशिंगी. डग्लस एम्लेन या जीवशास्त्रज्ञांनी पनामातल्या दुसऱ्या एका जातीत पाहिले, की शिंगवाले नर भुयाराच्या दारात पहारा देतात आणि बिनशिंगी नर बाजूने चोरवाट खणून मादीपर्यंत पोहोचतात. मला या चोरट्यांचेच कौतुक अधिक वाटते.

शेण जमिनीखाली गेल्यामुळे माश्यांची पैदास कमी होते, चराई मोकळी राहते आणि खत मुळांजवळ पोहोचते. सगळ्या शेणकिड्यांच्या या सेवेची अमेरिकेतली किंमत २००६ मधल्या एका अभ्यासात वर्षाला सुमारे ३८ कोटी डॉलर धरली होती. आणि तरीही आपण त्यांच्या ताटात विष कालवतो. जनावरांना दिलेल्या आयव्हरमेक्टिनसारख्या जंतनाशकाचा अंश शेणातून बाहेर पडतो व अळ्यांना मारतो. जनावर निरोगी राहायलाच हवे, हे मलाही पटते. पण तपासणी न करता सगळ्या कळपाला सरसकट औषध पाजण्याची पद्धत मला अविचारी वाटते.

तुझ्या गोठ्यात कोणते जंतनाशक देतात, ते डॉक्टरांना विचारून कळव. औषध दिलेल्या आणि न दिलेल्या गुरांचे पो वेगवेगळे ठेवून, पावसाळ्यात दोन्हींखालची माती उकरून पाहा आणि गोळे कुठे सापडतात ते सविस्तर लिही. वहिनींना नमस्कार सांग.

तुझा,
विनायक